ग्रामसभेले जाऊन काय होते? गावकऱ्यांचे नेहमीचे प्रश्न अन् त्याची उत्तरं

हे प्रश्न मला पारावर विचारतात, बाजाराच्या दिवशी ऑटोत विचारतात, कापसाच्या गाडीवर बसल्या बसल्या विचारतात, अन् आता तर आजूबाजूच्या गावातले लोक व्हॉट्सॲपवरही विचारून राहिले. दरवेळी तेच सांगण्यापेक्षा एका जागी लिहून ठेवतो. मी वकील नाही की सरकारी माणूस नाही, यवतमाळ जिल्ह्यातला साधा कापूस-तूर करणारा शेतकरी आहे. ग्रामसभेत जे शिकलो, कागदं वाचून जे समजलं अन् दोनचार गावं फिरून जे पाहिलं तेवढंच इथे आहे.

ग्रामसभा म्हणजे ग्रामपंचायतीची मीटिंगच ना भाऊ?

नाही, अन् सगळा घोळ इथूनच सुरू होतो. ग्रामपंचायत म्हणजे सरपंच अन् निवडून आलेले मेंबर, गावाच्या लोकसंख्येप्रमाणे सात ते सतरा. त्यांची मासिक सभा वेगळी असते. ग्रामसभा म्हणजे मतदार यादीत नाव असलेला प्रत्येक माणूस. सालदार असो, पाटील असो, नवी सून असो, अठरा वर्षं पूर्ण झाली अन् यादीत नाव चढलं की तुम्ही मेंबर, त्यासाठी निवडून यावं लागत नाही आणि पाच वर्षांनी कोणी काढूनही टाकत नाही. ७३ वी घटनादुरुस्ती झाली १९९२ मध्ये आणि लागू झाली २४ एप्रिल १९९३ पासून, त्यात ग्रामसभेला संविधानात जागा मिळाली. त्याच्या आधी आपल्या राज्यात १९५८ चा ग्रामपंचायत कायदा होताच, अन् १९६०-६१ मध्ये जिल्हा परिषद-पंचायत समिती कशी असावी हे ज्या समितीनं सुचवलं तिचे अध्यक्ष वसंतराव नाईक म्हणजे आपल्याच पुसदचे. पण तेव्हाच्या त्या व्यवस्थेत सत्ता जिल्ह्यापर्यंत आली, पारापर्यंत पोचवायचं काम ग्रामसभेचं, ते अजून अर्धंच झालंय.

वर्षातून किती वेळा होते? आम्हाले तर कधी माहीतच पडत नाही.

आर्थिक वर्षात किमान चार. बहुतेक गावात २६ जानेवारी, १ मे, १५ ऑगस्ट, २ ऑक्टोबर या तारखांना किंवा त्याच्या आसपास. साध्या ग्रामसभेची नोटीस सात दिवस आधी निघायला पाहिजे, विषय लिहून, बोर्डावर लावून, अन् गावात मुनादी देऊन.

आता या तारखा बघा. १५ ऑगस्टला कपाशीत निंदण नाहीतर फवारा चालू असतो, २ ऑक्टोबरच्या टायमाला सोयाबीनची सोंगणी, पाऊस डोक्यावर, मजूर मिळत नाही, मग कोण येणार सभेला. झेंडावंदन झालं की लगेच शाळेच्या पटांगणात पंधरा मिनिटांत सभा उरकून टाकतात, आणि रोजीवर जाणाऱ्या बाया तोवर वावरात पोचलेल्या असतात. आम्ही यावर एक तोड काढली. चार सभांच्या वर विशेष ग्रामसभा घेता येते, ती आम्ही बाजाराच्या दिवशी मागतो, कारण त्या दिवशी मजुरीला सुट्टी असते. गर्दी दुप्पट होते. बाकी काही नाही करता आलं तरी एवढं करून पाहा.

कोरम काय असतो? अन् ती तहकूब म्हणजे काय भानगड आहे?

गावातल्या एकूण मतदारांच्या १५ टक्के किंवा १०० लोक, यातलं जे कमी असेल ते. म्हणजे ४०० मतदारांच्या गावात ६० लोक, अन् ९०० च्या गावात १५ टक्के होतात १३५ पण १०० पुरतात. तेवढे लोक नाही आले तर सभा तहकूब होते. तहकूब सभा पुन्हा घेतली की तिला कोरमची गरज नाही, फक्त नवीन विषय घेता येत नाही. नियम वाईट नाही, लोकच नाही आले तर कामं अडून राहू नये म्हणून केला असेल. पण ज्याला लोक नकोच आहेत त्याच्यासाठी ही सोयीची वाट झाली. पहिली सभा मुद्दाम गडबडीच्या दिवशी ठेवायची, तहकूब करायची, मग दुसरीत बारा लोकात सगळं पास.

अन् याच्यापेक्षा मोठी गोष्ट म्हणजे सह्यांचं रजिस्टर. हे जरा खुलवून सांगतो कारण माझी स्वतःची सुरुवात इथूनच झाली. काही वर्षांआधीची गोष्ट, कपाशीला फवारा मारून घरी आलो होतो, हातसुद्धा धुतले नव्हते, तर एकजण रजिस्टर घेऊन दारात आला, म्हणे ग्रामसभा झाली भाऊ, फक्त सही पाहिजे. मी केली. सगळेच करत होते. पुढच्या वर्षी एका दुसऱ्याच कामासाठी माहितीच्या अधिकारात कागदं मागितली तेव्हा त्यात दिसलं की आमच्याच गल्लीत नाली बांधून झाली आहे, मोजमाप झालं, बिल निघालं. मी त्या गल्लीत जन्मलो, तिथे नाली नव्हती. पावसाळ्यात आमच्या आईचा पाय त्याच चिखलात घसरला होता. अन् त्या कामाला मंजुरी देणाऱ्या ठरावाखाली सह्या होत्या त्यात सत्ताविसावी सही माझी.

त्या दिवसापासून मी दुसऱ्या कोणाला दोष द्यायच्या आधी माझी सही आठवतो. म्हणून सांगतो, सभा जिथे होते तिथेच सही करायची, सभा संपल्यावर रजिस्टर घरी आलं तर हात जोडून नाही म्हणायचं. आणि शेवटच्या सहीच्या खाली तिथल्या तिथे आडवी रेघ मारून एकूण किती लोक हजर ते अक्षरात लिहून घ्यायचं, म्हणजे नंतर त्यात भर पडत नाही.

बायांनी जायचं का? गेल्या तर बोलू देतात का?

जायचंच. कायद्यातच आहे की प्रत्येक साध्या ग्रामसभेच्या आधी महिलांची वेगळी सभा व्हायला पाहिजे, आणि तिथे जे ठरलं ते मोठ्या ग्रामसभेपुढे ठेवायला पाहिजे. बऱ्याच गावात ही महिला सभा कागदावरच होते. बचत गटाच्या बैठकीचा फोटो काढला की झाली महिला सभा, असं मी डोळ्यानं पाहिलंय.

२०११ पासून आपल्या राज्यात पंचायतीच्या निम्म्या जागा बायांसाठी आहेत. तरी खुर्चीवर मालक म्हणजे तिचा नवरा बसतो अन् बाई घरी सही करते हे गावोगावी चालू आहे आणि आपण सगळे त्याच्याशी बोलताना सरपंच साहेब म्हणतो, म्हणजे आपणच त्याला सरपंच करून टाकतो. आमच्या गावच्या सरपंच ताईंच्या वेळी आम्ही एवढंच केलं, कामाचं काहीही असो, त्यांच्याच फोनवर फोन लावायचा, त्यांच्याच हातात अर्ज द्यायचा. पहिले सहा महिने त्यांनाही अवघड गेलं. नंतर पंचायत समितीत त्या एकट्या जाऊ लागल्या.

बायांच्या हातात एक मोठी ताकद अजून आहे ती म्हणजे दारूचं मतदान, आडवी बाटली उभी बाटली. गावातल्या २५ टक्के महिला मतदारांनी सह्या करून मागणी केली की मतदान घ्यावं लागते, अन् एकूण महिला मतदारांपैकी निम्म्यापेक्षा जास्त मतं आडव्या बाटलीला पडली की दुकान बंद. लक्षात ठेवा, आलेल्या बायांच्या निम्मे नाही, यादीतल्या एकूण महिलांच्या निम्म्याहून जास्त, त्यामुळे जी बाई त्या दिवशी घरी राहिली तिचं मत दुकानदाराच्या बाजूनं मोजल्यासारखंच होते. गडचिरोली जिल्ह्यात १९९३ मध्ये दारूबंदी झाली ती गावागावातल्या लोकांनी रेटा लावला म्हणून. तरीही बंदीच्या जिल्ह्यात चोरून विकणारे आहेतच, चंद्रपूरची बंदी २०१५ मध्ये लागली अन् २०२१ मध्ये उठली. कायदा आणून थांबलं की तो विरघळतो, मागे गाव लागतं.

मी सभेत बोललो अन् माझं घरकुल कटलं तर?

हा प्रश्न लोक हळू आवाजात विचारतात. खोटं कशाला सांगू, असं होते. उघड कोणी म्हणत नाही की तू बोलला म्हणून नाव काढलं, फक्त तुमचा कागद सापडत नाही, फोटो अपलोड होत नाही, साहेब रजेवर असतात. ज्याचं पोट रोजीवर आहे त्याला बिनधास्त बोल म्हणणं सोपं आहे, त्याच्या जागी उभं राहून पाहिलं की समजते.

मग काय करायचं. एकट्यानं नाही बोलायचं. सभेच्या दोनचार दिवस आधी पाच-सात घरच्यांनी बसायचं, एकच विषय ठरवायचा, तो कागदावर लिहून सगळ्यांच्या सह्यांनिशी ग्रामपंचायतीत द्यायचा आणि पोच घ्यायची. मग सभेत तो विषय कोण्या एकाचा राहत नाही. आणि बोलायला ज्याचं काही अडलेलं नाही असा माणूस पुढे करायचा, रिटायर मास्तर, एखादी ज्याची पोरं नोकरीवर आहेत अशी आजी. आमच्या गावात एक आजी आहेत, सत्तरीच्या पुढच्या, त्या उठून फक्त एवढंच म्हणतात, यादी वाच रे बाप्पा मोठ्यानं. घरकुलाची यादी मोठ्यानं वाचली की अर्धं काम होते, कारण कोणाच्या घरी दोन मजले आहेत हे गावाला माहीत असते, अन् ज्या विधवा बाईचं छप्पर उडालं तिचं नाव नाही हेही सगळ्यांना तिथेच समजते. लाभार्थी निवडायचा अधिकार कायद्यानं ग्रामसभेचा आहे, उपकार नाही तो कोणाचा.

ठराव घेतला की झालं ना?

ठराव कसा लिहिला यावर सगळं आहे. मला जर कोणी म्हणालं की पूर्ण ग्रामसभेतली एकच गोष्ट सांग, तर मी हीच सांगेन, ठराव लिहून, वाचून दाखवल्याशिवाय उठायचं नाही.

आपल्याकडे काय होते, दोन तास चर्चा होते, आवाज चढतात, कोणी मध्येच उठून जाते, शेवटी सगळे म्हणतात हो हो मंजूर, मग चहा होतो, अन् प्रोसिडिंग नंतर दोन दिवसांनी निवांत लिहिलं जाते. जे लिहिलं तेच घडलं असं सरकार धरते, तुम्ही काय बोलले ते हवेत गेलं. आम्ही पांदण रस्त्याबद्दल, म्हणजे वावरात जायच्या गाडीरस्त्याबद्दल, पहिल्यांदा ठराव घेतला तेव्हा प्रोसिडिंगमध्ये निघालं, "पांदण रस्त्याबाबत चर्चा करण्यात आली व योग्य ती कार्यवाही करावी असे ठरले." आता योग्य ती म्हणजे कोणती, कोण करणार, कधी करणार. असा ठराव घेतला काय अन् न घेतला काय.

आता आम्ही असं लिहून घेतो, रस्ता कोणत्या गट नंबरपासून कोणत्या गट नंबरपर्यंत, मोजणीचा अर्ज कोण देणार त्याचं पद, कोणत्या तारखेपर्यंत, पैसा कोणत्या निधीतून, सूचक कोण अनुमोदक कोण, विरोध होता का, असेल तर कोणाचा. कोणी विरोधात बोललं असेल तर तेही लिहायचं, उलट ते जास्त महत्त्वाचं. मग ग्रामसेवकांना विनंती करायची की मोठ्यानं वाचा (आता त्या पदाला ग्रामपंचायत अधिकारी म्हणतात, पण गावात तोंडात ग्रामसेवकच बसलंय). सुरुवातीला आमच्याकडे त्यांना राग यायचा, म्हणायचे तुमचा माझ्यावर भरोसा नाही का. आम्ही म्हटलं, साहेब भरोसा आहे, पण तुमची बदली झाली की आमच्याजवळ फक्त कागद राहील. ते पटलं त्यांना. नंतर तेच स्वतःहून वाचून दाखवायचे, अन् त्यांचंही काम हलकं झालं कारण मागून कोणी येऊन ठराव बदला म्हणून दबाव आणू शकत नव्हतं.

वाचून झालं की मोबाईलमध्ये त्या पानाचा फोटो.

गावाले पैसा येते तरी किती, अन् तो पाहाचा कुठं?

आकडा प्रत्येक गावाचा वेगळा, पण वाटप कसं होते ते सांगतो. पंधराव्या वित्त आयोगाच्या काळात आपल्या राज्यात शंभर रुपयातले ८० ग्रामपंचायतीला, १० पंचायत समितीला, १० जिल्हा परिषदेला अशी वाटणी होती. त्यातला ६० टक्के बंधित म्हणजे पाणी अन् स्वच्छता यावरच खर्चायचा, बाकी ४० टक्के अबंधित, म्हणजे गावानं ठरवावं कशावर. याशिवाय घरटॅक्स, पाणीपट्टी हा गावाचा स्वतःचा पैसा.

हे कशावर खर्च करायचं याचा वर्षाचा आराखडा ग्रामसभेत ठरायला पाहिजे, आमचं गाव आमचा विकास या नावानं तो बनतो. ई-ग्रामस्वराज नावाची वेबसाईट आहे त्यावर आपला जिल्हा, तालुका, गाव निवडलं की आराखड्यात कोणती कामं टाकली आणि पैसा किती निघाला ते दिसते. गावातले पोट्टे दिवसभर मोबाईलवर असतात, एकाला म्हणा हे काढून दाखव. आमच्याकडे बारावीच्या एका पोरीनं काढलं, कागदावर लिहून मारुतीच्या पारावर चिकटवलं, अन् त्या संध्याकाळी पारावर क्रिकेटची गोष्ट निघाली नाही.

तिथे नाही समजलं तर माहितीचा अधिकार, २००५ चा कायदा. साध्या कागदावर अर्ज, १० रुपये फी, तीस दिवसात उत्तर. दारिद्र्यरेषेखालच्या लोकांना फी नाही. अर्जात "सगळी माहिती द्या" असं नका लिहू, कोणत्या वर्षाचं, कोणत्या कामाचं, मोजमाप पुस्तिका अन् बिलाची प्रत असं नेमकं मागा.

ते मेंढा-लेखा मेंढा-लेखा म्हणतात ते काय आहे? खरंच गाव सरकार चालवते का?

हो. गडचिरोली जिल्ह्यात धानोरा तालुक्यात आहे, शंभरेक घरांचं गोंड लोकांचं गाव. "दिल्ली-मुंबईत आमचं सरकार, आमच्या गावात आम्हीच सरकार" ही घोषणा त्यांचीच. १९८० च्या दशकात मोठ्या धरणांविरुद्ध जंगल बचाव मानव बचाव आंदोलन झालं, त्यातून तिथल्या लोकांना वाटलं की बाहेरच्याशी लढलो पण आपल्या गावात आपण ठरवतो का. देवाजी तोफा गावातले, अन् सोबत होते मोहन हिराबाई हिरालाल, ते २०२५ मध्ये गेले.

लोक तिथल्या बांबूच्या पैशाचं जास्त बोलतात, मला त्यांचा अभ्यास गट जास्त मोठा वाटतो. म्हणजे असं, ग्रामसभेत निर्णय व्हायचा, पण त्याच्या आधी वेगळं बसून त्या विषयाचा अभ्यास करायचा, कायदा काय म्हणतो, खर्च किती, बाहेरच्या जाणकाराला बोलवायचं पण तो निर्णय नाही देणार, फक्त माहिती देणार. अन् निर्णय बहुमतानं नाही, सगळ्यांच्या सहमतीनं. एकाचाही विरोध असला तर विषय पुढे ढकलायचा, पुन्हा बोलायचं. आमच्या गावात लोक म्हणतात असं केलं तर कामच होणार नाही. पण विचार करा, बहुमतानं ५१ लोक जिंकले की ४९ लोक दुसऱ्या दिवसापासून ते काम बिघडवायला मोकळे, गावात गट पडले की नळाचं पाणीसुद्धा गटागटानं सुटते. उशीर चालतो, भेग चालत नाही.

वनहक्क कायदा आला २००६ चा, नियम झाले २००८ मध्ये, अन् २००९ मध्ये मेंढा-लेखाला सुमारे १८०० हेक्टर जंगलावर सामूहिक हक्क मिळाला, देशातल्या सगळ्यात पहिल्या गावांपैकी. तरी बांबू विकायला वाहतूक परवाना मिळेना, झाड तुमचं पण बाहेर न्यायचं नाही अशी गत. त्यासाठी गाव दोन वर्षं झगडलं, शेवटी एप्रिल २०११ मध्ये केंद्रीय मंत्री जयराम रमेश गावात आले अन् परवान्याचं पुस्तक ग्रामसभेच्या हातात दिलं. हक्क मिळाल्यावर पुढचे दोन वर्ष, हा भाग मी नेहमी सांगतो, कारण आपण एक अर्ज देऊन पंधरा दिवसात थकतो. २०१३ मध्ये त्या गावानं १९६४ च्या ग्रामदान कायद्याखाली जमिनीही ग्रामसभेच्या नावे करायचं ठरवलं.

मेंढा एकटं नाही. चंद्रपूरच्या पाचगावला २०१२ मध्ये हक्क मिळाला, बांबू लोक स्वतः तोडतात, स्वतः विकतात. अमरावतीकडे पायविहीर आहे, त्यांनाही २०१२ मध्ये मिळाला, उजाड पडलेल्या जमिनीवर झाडं लावली अन् रानातली सीताफळं एकत्र विकायला लागले. आणि वनहक्क कायद्यात ग्रामसभा म्हणजे महसुली गावाची नाही, पाड्या-टोल्याचीही होते, हजर लोक निम्मे पाहिजे अन् हजर असलेल्यात एक तृतीयांश तरी बाया पाहिजे, नाही तर ठराव धरतच नाही. आपल्या साध्या ग्रामसभेला हा नियम लावला तर काय होईल, हा विचार माझ्या डोक्यातून जात नाही.

आमच्या गावात ना जंगल ना आदिवासी, मंग आम्ही काय करावं?

तलाव आहे, गायरान आहे, पांदण आहे, झेडपीची शाळा आहे, अंगणवाडी आहे, स्मशानभूमीचा रस्ता आहे. पेसा कायदा १९९६ चा, त्याचे राज्यातले नियम २०१४ चे, ते फक्त अनुसूचित क्षेत्रातल्या म्हणजे जाहीर केलेल्या आदिवासी भागातल्या गावांना लागतात हे खरं, त्यांची ग्रामसभा जास्त ताकदीची. पण आपल्या ग्रामसभेलाही आराखडा मंजूर करणं, खर्चाला परवानगी देणं अन् लाभार्थी निवडणं एवढं तर आहेच. ते तरी आपण वापरलं का.

सरपंच आम्हीच डायरेक्ट निवडला ना, मंग सारखं सारखं सभेत कायले जायचं?

थेट सरपंच २०१७ ला आला, २०२० ला बंद झाला, २०२२ ला पुन्हा आला. फायदा आहे, मेंबर पळवापळवी कमी झाली. पण धोकाही आहे, सरपंच म्हणतो मला गावानं निवडलं, मी मेंबरला काय विचारू. अशा वेळी त्याला विचारणारी जागा उरते ती ग्रामसभाच. अविश्वास आणायचा तरी पहिले दोन वर्षं येत नाही, नंतर तीन चतुर्थांश मेंबर पाहिजे अन् त्यावर ग्रामसभेनंही शिक्कामोर्तब करावं लागते. पाच वर्षांतून एक दिवस बटण दाबणं म्हणजे सालदार ठेवून वर्षभर वावरात फिरकायचंच नाही असं झालं. कोणता शेतकरी असं करतो सांगा.

सभाच घेत नसतील तर?

ग्रामपंचायत कायद्याचं कलम ७ वाचा. पुरेसं कारण नसताना ग्रामसभा घेतली नाही तर सरपंच अपात्र ठरू शकतो, सचिवावरही (म्हणजे ग्रामसेवकावर) कारवाई होऊ शकते. आधी लेखी मागणी ग्रामपंचायतीला, मग पंचायत समितीत बीडीओला (गटविकास अधिकारी), मग जिल्हा परिषदेत सीईओंना. प्रत्येक ठिकाणी पोच घ्या, पोच नाही देत म्हणाले तर रजिस्टर पोस्टानं पाठवा. तोंडी तक्रारीवर कोणी अजून हललेलं मी पाहिलं नाही.

दुसरीकडे लोक काय करून राहिले? का आपणच मागे?

आपण मागे नाही, अन् एकटेही नाही. केरळमध्ये १९९६ ला लोकांची योजना म्हणून मोहीम झाली, राज्याच्या नियोजनातला ३५ ते ४० टक्के पैसा गाव-शहरांच्या पंचायतींकडे दिला अन् म्हटलं तुम्ही ठरवा. ब्राझीलमध्ये पोर्तो अलेग्रे नावाचं शहर आहे, तिथे १९८९ पासून मोहल्ल्या-मोहल्ल्यात बसून बजेट ठरवायला लागले, आधी नाली की आधी शाळा हे लोकच सांगायचे. आयर्लंडनं २०१६ मध्ये चिठ्ठ्या टाकल्यासारखे ९९ साधे नागरिक निवडले, त्यांनी महिनोन्महिने जाणकारांचं ऐकून गर्भपातासारख्या अवघड विषयावर शिफारस केली, त्यावर २०१८ मध्ये देशानं मतदान केलं.

अन् चिठ्ठीचं म्हणाल तर तमिळनाडूत उत्तिरमेरूर म्हणून गाव आहे, तिथल्या देवळाच्या भिंतीवर दहाव्या शतकातला चोळांच्या काळचा शिलालेख आहे. वॉर्डातल्या लोकांची नावं ताडपत्रावर लिहून मडक्यात टाकायची अन् लहान पोराच्या हातानं काढायची. त्या निवडीत सगळ्यांना जागा नव्हती, जमीन असलेले, शिकलेले पुरुषच होते, ते काही आपल्याला परत नको. पण एक अट वाचून मी थांबलो, ज्यानं आधी समितीत राहून हिशोब दिला नाही तो अन् त्याचे नातेवाईक यांचं नाव मडक्यात टाकायचंच नाही. हजार वर्षांआधी.

पोरं सगळी पुण्याला कंपनीत, त्यांचा काय उपयोग?

लय उपयोग. अर्ज टाईप करणं, वेबसाईटवरचा आराखडा काढणं, जीआर शोधून पाठवणं हे ते तिथून करतात. फक्त ग्रुपवर शिव्या लिहून मोकळं नाही व्हायचं. आमच्या ग्रुपवर नियम आहे, गावच्या तक्रारीसोबत कागद नाहीतर फोटो पाहिजे, माणसाची जात अन् पार्टी काढायची नाही. दोनदा मोडला नियम, दोनदा ग्रुप बंद करून पुन्हा सुरू केला.

सभेत भांडणंच होतात, त्याचं काय?

होतात. पाच वर्षं कोणी ऐकलं नाही तर पहिल्या सभेत माणूस ओरडणारच. एक सभा भांडणात जाऊ द्या, दुसरीत आवाज खाली येतो. विषय आधीपासून बोर्डावर असले आणि एका वेळी एकच विषय घेतला की निम्मं भांडण कमी होते. दारू पिऊन आलेल्याला बायाच बाहेर बसवतात, त्याचा नियम करायची गरज पडली नाही.

खरं सांगा, तुमच्या गावात काही बदललं का?

थोडं. आमच्या गल्लीतली नाली खरोखरची झाली, दोन वर्षं लागली, सिमेंट कुठे कुठे निघालंय त्याचा फोटो मागच्या सभेत दाखवला. घरकुलाची यादी आता मोठ्यानं वाचतात. मागच्या सभेला ७१ लोक होते, त्यात २८ बाया, अन् रजिस्टर कोणाच्या घरी गेलं नाही.

बरंच राहिलं पण आहे. तलावातला गाळ निघाला नाही, शाळेला दुसरे मास्तर अजून मिळाले नाही, आणि टोल्यावरचे लोक सभेत येतात पण अजून मागे उभे राहतात, पुढे सतरंजीवर बसा म्हटलं तर नाही म्हणतात, याचं मला फार वाईट वाटते. पुढची विशेष सभा त्यांच्याच टोल्यावर, चिंचेखाली घ्यायची असं लिहून मागणी दिली आहे.

अन् ती पांदण. तीनदा ठराव घेतला. तिसऱ्या वेळी मोजणीच्या अर्जाची तारीख प्रोसिडिंगमध्ये लिहून घेतली, वाचून घेतली, फोटो काढला. या उन्हाळ्यात मोजणीवाले आले तेव्हा सकाळी सात वाजता धुऱ्यावर गावातले वीस-बावीस लोक उभे होते, ज्याच्या वावरातून रस्ता जातो तो शेतकरीपण होता, अन् पहिला खुंटा त्यानंच धरला.